फटकाशेठ आणि आठ नंबरचं मशीन

फटकाशेठचा उजवा हात म्हणजे हात नव्हताच, फावडं होतं. वीस वर्षं लग्नाच्या मांडवात आणि गणपतीच्या मिरवणुकीत डीजेचे भोंगे उचलून तो पंजा असा रुंदावला होता की त्यात धरलेला कटिंगचा ग्लास दिसेनासा व्हायचा. मनगटात स्टीलचं जाड कडं. आधी हात चालायचा, मग कडं वाजायचं आणि त्यानंतर तोंडातून प्रश्न यायचा, "काय झालं रे?" समोर माणूस असो की मशीन, क्रम हाच. खरं नाव काहीतरी चांगलं, देवाचं होतं. ते दुकानाच्या लायसनवर होतं आणि तिथंच राहिलं.

डहाणू रोड स्टेशनाकडून बाजारात जाणाऱ्या एका गल्लीत त्यांचं गेमिंगचं दुकान होतं. एक खोली, एक शटर, आठ मशीनं. पूर्वी तिथं डीजेचं सामान ठेवलेलं असायचं. मुलानं हट्ट धरला म्हणून शेठनी भोंगे विकले आणि कॉम्प्युटर आणले. मी तलासरीकडच्या डोंगरातला. घरी भात आणि नाचणी. घोलवडला नर्सरीत चिकूची कलमं बांधायला लागलो आणि सरावलीत खोली घेऊन राहिलो. रविवारची सुट्टी दुपारी दोनपासून शेठच्या दुकानात जायची. शेठनी माझं नाव कधी विचारलं नाही. पहिल्या दिवशी विचारलं, "कुठला तू?" मी सांगितलं, आणि त्या दिवसापासून मी "तलासरी" झालो.

ज्यांनी टीम करून गेम खेळलाय त्यांना आमचं दुखणं सांगायला नको. टीममधल्या लोकांशी बोलायला व्हॉइस चॅट चालू केलं की गेमचा आवाज एकदम बसतो. मित्र बोलायला लागला की बंदुका मांजरासारख्या पावलांनी चालतात, शत्रू मागून येतो आणि आपण मेल्यावर आपल्याला कळतं. गिऱ्हाईक ओरडायचं, "शेठ, आवाज गेला!" शेठ उठायचे आणि कॉम्प्युटरच्या डब्याला एक ठेवून द्यायचे. डबा थरथरायचा, आवाज काही यायचा नाही. मग दुसरी गिऱ्हाइकाच्या पाठीत. एकदा सरावलीच्या एकानं त्यांना सांगायचा प्रयत्न केला की मारून आवाज येत नसतो. शेठनी त्याच्या डोक्यावरचा हेडफोन काढला, गुडघ्यावर ठेवून काडकन मोडला आणि त्याच्या हातात दिला. "आता आवाजच नाही. बस खूश?"

आवाज आणायचं काम खरं तर हर्षलचं. शेठचा एकुलता एक मुलगा. आई तो लहान असतानाच गेलेली, त्यामुळे शेठनी त्याला वाढवलं आणि बडवलं, दोन्ही एकाच हातानं. हर्षलनं प्रत्येक मशीनच्या पडद्याखाली स्वतःच्या अक्षरात एक चिठ्ठी चिकटवली होती. 'आवाज बसला? खाली स्पीकरच्या चित्रावर उजवं क्लिक. साउंड. कम्युनिकेशन्स. चार गोल दिसतील. शेवटचा निवडा, काहीच करू नका. ओके. गेम बंद करून परत लावा. शेठना बोलावू नका.' शेवटचं वाक्य त्यानं ठळक केलं होतं. शेठनी ते वाचून त्याच्या टाळक्यात टपली मारली होती, आणि चिठ्ठी मात्र काढली नव्हती.

तो रविवार मी विसरू म्हटलं तरी विसरत नाही, कारण मी शेजारच्याच खुर्चीवर होतो. पाचांची टीम, तिघं मेलेले, हर्षल आणि मी शिल्लक. शेठ घरून डबा घेऊन आले आणि दारातूनच ओरडले, "जेवायला चल." हर्षल ऐकेना. दुसऱ्यांदा ओरडले, तिसऱ्यांदा ओरडले. हर्षल पडद्यावरची नजर न काढता म्हणाला, "पप्पा, दोन मिनिटं तोंड बंद ठेवा ना!" दुकानातली सगळी पोरं हसली. मला वाटतं, ती हसली नसती तर पुढचं झालं नसतं. शेठचा हात आला तो हेडफोनसकट डाव्या कानावर. प्लॅस्टिकच्या चिंधड्या माझ्या कीबोर्डवर उडाल्या. हर्षलच्या कानातून रक्ताची एक रेघ निघाली आणि मानेवरून कॉलरमध्ये गेली. तो रडला नाही की ओरडला नाही. माऊस हातातून ठेवला आणि उठून बाहेर गेला. शेठ डाव्या हातात डबा धरून तसेच उभे.

कानाचा पडदा फाटला होता. डॉक्टरांनी करायचं ते केलं, पण त्या कानात ऐकू आलं नाही ते नाहीच. तिसऱ्या दिवशी सकाळी हर्षल सुरतेच्या गाडीत बसला. तिथं मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात लागला. गेममध्ये मात्र रविवारी यायचा, आमच्या टीममध्येच. नाव बदललं होतं. पडद्यावर हिरव्या ठिपक्याशेजारी नाव यायचं, 'एककान'. बापाशी मात्र एक शब्द नाही. फोन उचलायचा नाही, चार वर्षांत एकदाही नाही.

त्या चार वर्षांत शेठ आवाजाचे डॉक्टर झाले. मुलाच्या चिठ्ठ्या वाचून वाचून सगळं शिकले. हात मात्र तोच होता. आधी पाठीत बसायची, मग समजावून सांगणं. "कॉम्प्युटरला वाटतं, तुला फोन आलाय. फोन आला की तो बाकीच्यांना गप्प करतो. त्याला सांगायचं, बाबा, तू मध्ये पडू नको." कोणाचा बिनतारी हेडफोन माइक चालू करताच डब्यात बसल्यासारखा वाजायला लागला तर म्हणायचे, "एका वायरीत ऐकणं आणि बोलणं दोन्ही बसत नाही, तिथं वायरच नाहीये तर कसं बसेल? माइक दुसरा लाव." बोईसरकडून पोरं मशीन खांद्यावर मारून आणायची. ठीक होऊन जायची, आणि एक फटका खाऊन जायची. कुणी रागवायचं नाही. रागावून करणार काय?

आता लॉजवाल्याच्या पुतण्याचं सांगायला हवं. बाजारातल्या एका लॉजच्या मालकाचा पुतण्या, अंगात महागडा शर्ट, मागे दोन चमचे. तीन नंबरवर बसून तो व्हॉइस चॅटवर कुठल्याशा मुलीला घाणेरडं बोलत होता. पलीकडे ती रडायला आली होती. हे शेठच्या कानावर आलं. त्यांनी मागून त्याचे केस धरले, खुर्चीसकट दारापर्यंत ओढला आणि तोंड शटरच्या पट्टीवर आपटलं. एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा मी आणि अजून दोघं हाताला लोंबकळलो म्हणून थांबले. पायरीवर दोन दात पडले होते. शेठनी ते उचलले, कागदात गुंडाळले आणि त्याच्या महागड्या शर्टाच्या खिशात घातले. "तुझं सामान. विसरू नको." पुतण्या तोंडावर रुमाल धरून म्हणाला, "शेठ, तुमचा हात तोडीन." शेठ म्हणाले, "घेऊन जा. मला तरी कुठं पाहिजे?" तेव्हा आम्ही सगळे हसलो. आज ते हसणं मला लागतं.

कारण तो हात त्यांना खरंच नको होता, हे तोपर्यंत मला कळलं होतं. दर रविवारी ते माझ्या खुर्चीमागे घोटाळायचे. "आला का तो?" आला म्हटलं की, "काय म्हणतो?" खेळतोय म्हटलं की तोंड फिरवून गल्ल्यापाशी जायचे. मग आमच्या टीममधल्या एकाचं लग्न झालं आणि पाचवी जागा रिकामी झाली. शेठ सरळ आठ नंबरच्या मशीनवर जाऊन बसले. "मला घे." मी म्हटलं, शेठ, हे तुमचं वय आहे का? हात वर गेला. मी घेतलं. शेठची अट अशी, त्याला सांगायचं नाही आणि माइक बंद ठेवायचा. हर्षलनं विचारलं, "हा पाचवा कोण? बोलत का नाही?" मी ठोकून दिलं, "घोलवडचा आहे. माइक बिघडलाय त्याचा." हर्षल म्हणाला, "तुम्हा लोकांपेक्षा बरा." आणि त्यानं नाव ठेवलं, मौनीबाबा.

"शेठ, एवढं करता तर बोला ना एकदा," मी म्हणायचो. ते म्हणायचे, "आवाज ओळखून उठून गेला तर? मग रविवार पण जाईल माझा." त्यांना जगात एकच हवं होतं, त्यानं एकदा 'पप्पा' म्हणावं. मागायची हिंमत नव्हती. हजार माणसांसमोर भोंगा उचलणारा माणूस बोटाएवढ्या माइकला घाबरायचा.

गेम मात्र ते भयंकर खेळायचे. कळा दाबायचे नाहीत, ठोकायचे. दोन कीबोर्ड गेले. सगळ्यांत आधी मरायचे. एकच गोष्ट जमायची, हर्षलच्या डाव्या बाजूला उभं राहणं. हर्षलला डावीकडून येणारी पावलं कळायची नाहीत. शेठना कुठूनच कळायची नाहीत. पण ते डावीकडे उभे असायचे, त्यामुळे तिकडून येणारी गोळी आधी त्यांना लागायची. मौनीबाबा पडला की हर्षलला कळायचं, डावीकडे कोणीतरी आहे. तो वळायचा आणि मारायचा. शेठ मेलेल्या पडद्यासमोर बसून त्याचं बोलणं ऐकत राहायचे, चेहऱ्यावर असं समाधान की आत्ताच पुरणपोळी खाऊन उठलेत.

आणि इथं मी शहाणपणा केला. शेठ चहा सांगायला बाहेर गेले असताना मी त्यांचा हेडफोन डोक्यावर घातला. हर्षल काहीतरी बोलत होता, आणि तो बोलत असताना बंदुका, पावलं, स्फोट, सगळं साफ बंद. मी कम्युनिकेशन्स उघडून पाहिलं. पहिल्याच गोलावर खूण, 'बाकी सगळे आवाज बंद'. मला हसू आलं. गावभरच्या मशीनांचे आवाज नीट करणाऱ्या माणसाचं स्वतःचं मशीन तसंच! म्हणूनच म्हातारा पहिला मरतो! मी शेवटचा गोल निवडला, गेम परत लावला आणि त्यांना सांगितलं नाही. वाटलं, आज एखाद्याला मारतील, खूश होतील.

मॅच ऐन रंगात आली. चारी बाजूंनी गोळ्या. आणि हर्षल बोलायला लागला. "मौनीबाबा, एक विचारू? तू नेहमी माझ्या डाव्या बाजूलाच का असतोस?" मी माऊस सोडला. "माझा कुठला कान गेलाय ते या टीममध्ये फक्त तलासरीला माहीत आहे," तो म्हणाला. "आणि अजून एका माणसाला." मग अगदी हळू, "पप्पा? तुम्ही असाल तर माइक लावा ना. एकदा बोला."

मी आठ नंबरकडे पाहिलं. शेठ दात आवळून कळा ठोकत होते. त्यांच्या कानात नुसत्या गोळ्या होत्या. मी बाही ओढली, त्यांनी झटकली. मी उठून त्यांच्या डोक्यावरचा हेडफोन उपटला. तोपर्यंत माझ्या कानात हर्षल म्हणाला, "ठीक आहे." आणि त्याच्या नावाशेजारचा हिरवा ठिपका विझला.

मी जे ऐकलं ते सांगितलं. शेठनी आधी हेडफोन परत घालून पाहिला, जणू त्यात काही उरलं असेल. मग विचारलं, "तो बोलत होता, तर बाकीचं बंद का नाही झालं?" मी म्हटलं, "मी दुरुस्त केलं होतं."

फटका कधी आला ते दिसलं नाही. मी खुर्चीसकट भिंतीवर गेलो. कड्यानं ओठ फाटला, उजव्या कानात शिट्टी सुरू झाली आणि तोंडात रक्ताची खारट चव आली. शेठ माझ्या अंगावर वाकून ओरडत होते, आणि मला कळायला वेळ लागला की ते रडत आहेत. "मुद्दाम ठेवलं होतं मी तसं! डीजेनं कान अर्धे गेलेत माझे. गोळ्यांत त्याचा आवाज हरवतो. तो बोलला की मला दुसरं काय पण ऐकायचं नसतं रे, दुसरं काय पण नाही!" मी उठलो, त्यांच्या पायाशी रक्त थुंकलो आणि निघालो. सरावलीपर्यंत चालत गेलो. हा म्हातारा मेला तरी तोंड बघायचं नाही, असं वाटेत मोठ्यांदा म्हणालो. ते वाक्य मला अजून परत घेता येत नाही.

तिसऱ्या आठवड्यात ते नर्सरीत आले. मी रायणीच्या रोपाच्या खुंटावर चिकूची काडी बांधत होतो. समोर सावली पडली. शेठ उभे, दोन्ही हात काखेत कोंबलेले. मनगटात कडं नव्हतं. "ऐकू येतं?" मी मान हलवली. "दोन्ही?" मी काडी बांधत राहिलो, तर म्हणाले, "डावा बंद कर." मी कानात बोट घातलं. ते माझ्यामागे गेले आणि अगदी हळू काहीतरी पुटपुटले. "काय बोललो?" मी म्हटलं, "चिकू." त्यांनी सुस्कारा सोडला, खाली बसले आणि गाल पुढं केला. "मार. हातातला चाकू ठेव आणि मार." मी म्हटलं, "शेठ, मला नाही मारायचं. माइक लावा."

"काय बोलू त्याला? माझ्या तोंडात पहिला शब्द शिवी येते."

तर मग आम्ही तालीम केली. कलमांच्या वाफ्यात मी हर्षल झालो आणि ते पप्पा. "हर्षल, ए हराम..." पुन्हा. "हर्षल, साल्या..." पुन्हा. मजुरीच्या बायका काम सोडून पदर तोंडाला लावून बघत होत्या. सात-आठ वेळा झाल्यावर एकदा सरळ आलं, "हर्षल, पप्पा बोलतोय." त्यांनी घाम पुसला. गेट उघडताना म्हणाले, "त्याच्या कानात माझा शेवटचा आवाज फटक्याचा आहे, तलासरी. आता दुसरा फटका ऐकू जाणार नाही त्याला माझ्याकडून. आईशपथ." मी म्हटलं, बघू. माझा ओठ अजून दुखत होता.

तीन रविवार हिरवा ठिपका आला नाही. शेठ दोन वाजता आठ नंबरवर बसायचे. गोल परत पहिल्या जागी, 'बाकी सगळे आवाज बंद'. माइक चालू. कडं खिळ्याला टांगलेलं. गिऱ्हाइकांची चंगळ होती, कारण आवाज बसला तरी कोणाला फटका नाही. एक पोरगा मला म्हणाला, "शेठ आजारी आहेत काय?"

चौथ्या रविवारी ठिपका आला. मी शेजारी सातवर होतो. मॅच सुरू झाली, गोळीबार सुरू झाला. हर्षल बोलत नव्हता. शेठनी दोन्ही हातांनी टेबलाची कड धरली, माइककडे वाकले आणि शिवी न देता एका दमात म्हणाले, "हर्षल, पप्पा बोलतोय."

ठिपका विझला नाही. आणि त्याच वेळी बाहेर शटर दणाणलं.

लॉजवाल्याचा पुतण्या होता. नवे दात बसवलेले. बरोबर तिघं, हातात हॉकीच्या काठ्या आणि एक लोखंडी सळई. पहिली काठी एक नंबरच्या पडद्यावर पडली. पोरं टेबलांखालून सरपटत बाहेर पळाली. मी ओरडलो, "शेठ!" शेठनी मान वळवून पाहिलं आणि उठले नाहीत. सळई खांद्यावर बसली. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला, ओली फांदी मोडावी तसा. शेठ हलले, पण हात टेबलावरून सुटले नाहीत. पुतण्या हसत होता, "काय शेठ, हात कुठं गेला तुमचा?" मी स्टूल उचलून एकाच्या तोंडावर फेकलं. दुसऱ्याची काठी माझ्या मनगटावर आली आणि मी टेबलाखाली गेलो.

माझा हेडफोन गळ्यात होता. त्यातून गेमच्या गोळ्या वाजत होत्या आणि त्या गोळ्यांतून हर्षल किंचाळत होता. "पप्पा! काय चाललंय? कोण मारतंय? पप्पा, मारा ना त्यांना! हात उचला पप्पा!" मला तो तुटक तुटक ऐकू येत होता. शेठना तुटक नाही, सलग. शेठच्या डोक्यावर हेडफोन होता आणि त्यांच्या कानात बाकी सगळे आवाज बंद होते. ज्या शब्दासाठी चार वर्षं थांबले, तो ते एकामागून एक ऐकत होते. पाठीवर काठ्या पडत होत्या. त्या फावड्यानं एक वळसा घेतला असता तर चौघांतले दोघं उठले नसते, हे मी छातीवर हात ठेवून सांगतो. ते टेबल धरून बसले. बोटं पांढरी पडली होती. माइकमध्ये एवढंच म्हणाले, "ऐकतोय रे. ऐकतोय." मग सळई डोक्यावर आली.

स्टेशनावरचे रिक्षावाले धावून आले तेव्हा ते चौघं पळाले. पुढं पकडले, केस चालू आहे, तारखा पडतात. त्यावर मी बोलत नाही, बोललो तर या हातातलं काहीतरी फुटेल.

शेठना गुजरात बाजूच्या मोठ्या दवाखान्यात हलवलं. हर्षल संध्याकाळी पोचला. चार वर्षांत दाढी आली होती. पलंगाच्या उजव्या बाजूला, शेठच्या तोंडाजवळ आपला चांगला कान नेऊन उभा राहिला. शेठनी डोळे उघडले. एवढी तालीम केली होती, सगळी वाया गेली. "हरामखोरा," ते म्हणाले, "जेवलास का?"

हर्षल हसला. मी स्टूल सरकवलं. बसून त्यानं विचारलं, "पप्पा, हात का नाही उचललात? मी ओरडत होतो ना?"

शेठ म्हणाले, "माइक चालू होता."

तिसऱ्या दिवशी ते गेले. मला त्यांचा राग येतो, अजून येतो. त्या फाटलेल्या कानाचा येतो, माझ्या ओठाचा येतो, आणि आयुष्यभर नको तिथं उचललेला हात नेमका त्या दिवशी खाली ठेवला याचा सगळ्यांत जास्त येतो. आणि माझ्या बापानंतर मी कोणावर जीव लावला असेल तर याच माणसावर, हेही सांगून टाकतो.

दुकान आता हर्षल चालवतो. आवाज बसला म्हणून कोणी ओरडलं की उठतो, शांतपणे चार क्लिक करतो. चिठ्ठ्यांवरचं 'शेठना बोलावू नका' हे वाक्य तेवढं त्यानं ब्लेडनं खरवडून काढलंय. आठ नंबरच्या मशीनला मात्र कोणी हात लावलेला नाही.

अंत्ययात्रा बाजारातून निघाली होती. हर्षल पुढं मडकं धरून, मी मागं, हात प्लॅस्टरमध्ये. वळणावर डावीकडून चिकूच्या पेट्यांनी भरलेला टेम्पो आला. हॉर्न देत होता, जोरजोरात. सगळे बाजूला झाले, हर्षल सरळ चालत राहिला. हॉर्न कुठून येतोय ते त्याला कळलंच नव्हतं. मी धावत जाऊन चांगल्या हातानं त्याचा दंड धरला आणि मागं ओढलं. टेम्पो गेला. हर्षलनं माझ्याकडे पाहिलं. मग आम्ही परत चालायला लागलो, आणि स्मशानापर्यंत मी त्याच्या डाव्या बाजूनं चाललो.